केर

काल दुपारी सॅनेटोरियमच्या नाचघरात
घोट्यापर्यंत पानं होती.
छताच्या भगदाडातून किती शरद आत उतरले असतील कोण जाणे,
तळाशी काळा चिखल, मधे तांबूस थर,
वर या आठवड्यातली पिवळीधमक,
आणि त्यावर तिरपं ऊन,
जणू कुणी मुद्दाम लावून ठेवलंय.
मी मीटर धरून उजेड मोजला.
वहीत लिहिलं: साडेतीन वाजता. पंचवीसची लेन्स. माणूस नको.

आज सव्वातीनला तिपाई खांद्यावर घेऊन आले
तर जमीन लख्ख.
ओला संगमरवर, मधोमध काळ्या दगडाची चांदणी,
जी मला काल दिसलीच नव्हती.
एक बादली. एक खराटा.
आणि त्सियाला, खोली क्रमांक दोनशे चौदा,
गुडघ्यापर्यंत भिजलेली, ओठांवर हसू मावत नव्हतं.
'कॅमेरा येणार म्हणालीस ना.
म्हटलं, झाडून घ्यावं.'

सात पोती पानं.
वरच्या मजल्यावरचा नुगझार मदतीला होता,
दम्याचा माणूस, पायरीवर बसून धापा टाकत होता.
विचारतो, 'अजून काही राहिलं का?'

आता हे सांगायची मला लाज वाटते.
मी म्हणाले, 'थोडी पानं परत आणता येतील का?'

जेवून उठलेल्या पाहुण्यानं
उष्टं पुन्हा ताटात वाढा म्हणावं
तसं त्सियालानं माझ्याकडे पाहिलं.

मग ती बोलली, माझ्याशी नाही, बादलीशी.
सुखुमीहून आलो तेव्हा अंगावरच्या कपड्यांनिशी आलो.
एका खोलीत दोन कुटुंबं, मधे चादर.
महिन्याभरासाठी, म्हणाले होते.
इथं दोऱ्या बांधून आम्ही धुणं वाळवायचो,
पोरं चादरींमधून पळायची,
तेव्हा छत होतं.
पत्रा कुणी विकला ते सगळ्यांना ठाऊक आहे.
नुगझारला नेमका तेव्हाच खोकला आला.

माझ्या अर्जात 'उद्ध्वस्त' हा शब्द अकरा वेळा होता.
तिबिलिसीच्या समितीला तो फार आवडला.
'निर्जन' सहा वेळा.
वरच्या गच्चीत कुणाची तरी कोंबडी ओरडत होती,
मी आवाजाच्या नोंदीत लिहिलं: अडथळा.

ऊन काही थांबत नव्हतं.
शंभर फुटांचं एकच रीळ उरलेलं, पावणेतीन मिनिटं,
आणि समोर शोभून दिसेल असं काही पडलेलं नाही.
मी कॅमेरा खाली घेतला, जवळजवळ जमिनीला टेकवला,
आणि चावी दाबली.
संगमरवर वाळताना घेतला. एवढंच.
कडेकडून आधी,
मग भेगांभोवती,
चांदणीचं एकेक टोक फिकं होत गेलेलं.
त्सियालाला आठवण होती, माणूस नको.
ती खराटा धरून भिंतीशी उभी राहिली, श्वास रोखून,
फोटो काढायच्या वेळी शाळेतली मुलं उभी राहतात तशी.

निघताना तिनं खिडकीतली दोन तेंदूफळं दिली,
अजून कच्ची आहेत म्हणाली, आठवडाभर ठेव.

संकलनाच्या टेबलाशी बेसिकोला तो शॉट दाखवला.
तो म्हणाला, 'यात काहीच नाही. दहा सेकंद ठेव फार तर.'
मी पुन्हा मागे नेला.
मग मलाही दिसलं:
ओल्या दगडात ती आहे.
उलटी, पाय वर, डोकं खाली,
झग्यावरची फुलंसुद्धा मोजता येतील इतकी स्पष्ट,
आणि जसजशी जमीन वाळते
तसतशी डोक्याकडून पुसत जाते.
कंबर उरते, मग चपला, मग दगडच.
दोन मिनिटं चाळीस सेकंदांवर
वरून एक पान येतं,
घाई न करता, कोरड्या जागी टेकतं.
फ्रेमच्या डाव्या कडेला
खराट्याचं टोक दिसतं.
तिथं रीळ संपतं.

बेसिको म्हणाला, 'शेवटचा तुकडा कापू?
कुणीतरी आत शिरलंय.'